नकळत मुरणारं शिकणं: मोडी लिपीच्या निमित्ताने नवशिक्यांसाठी

एक कोरा कागद घ्या. मोबाइल आणि संगणक नजरेआड ठेवा. आता इंग्रजी कीबोर्डच्या तीन ओळी काढा आणि कुठल्या कळीवर कुठलं अक्षर आहे ते आठवून लिहा. दीड मिनिट पुरे. दिवसभर मेसेज टाइप करणारी माणसंही इथे अडखळतात. अमेरिकेतल्या व्हँडरबिल्ट विद्यापीठात हाच प्रयोग शंभर जणांवर झाला होता. मिनिटाला सरासरी ७२ शब्द टाइप करणाऱ्या त्या लोकांना कोऱ्या कीबोर्डवर २६ पैकी सरासरी १५ अक्षरंच बरोबर भरता आली. अक्षर कुठे आहे ते बोटांना पक्कं ठाऊक असतं, पण विचारलं तर तोंडाने सांगता येत नाही.

मी चाळिशीनंतर, नोकरी सांभाळून मोडी, म्हणजे मराठी लिहिण्याची जुनी लिपी, शिकले. आता वर्गात नव्याने येणाऱ्यांना मदत करते, आणि पहिल्या दिवशी त्यांना हा कीबोर्डचा खेळ करायला लावते. शिकण्याचा मोठा भाग असाच आपल्या पाठीमागे चालतो. हे माहीत नसलं की माणूस दोन ठिकाणी फसतो. येत नसताना ‘आलं’ असं वाटून सराव थांबवतो, नाहीतर येऊ लागलेलं असताना ‘आपल्याला जमणार नाही’ म्हणून सोडून देतो. हुशार, कष्टाळू माणसं तिसऱ्या-चौथ्या आठवड्यात वर्गातून गळताना मी पाहिली आहेत, आणि दरवेळी जीव तुटला आहे. म्हणून हे सविस्तर लिहिते आहे. उदाहरणं मोडीची आहेत, कारण ते मला जवळून माहीत आहे. तुम्ही तबला शिकत असाल, कन्नड शिकत असाल किंवा गाडी, तरी पायऱ्या याच.

पायरी पहिली: लक्षात राहण्याचे दोन मार्ग ओळखा

‘अबोध मन’ म्हटलं की बहुतेकांना फ्रॉइड आठवतो, दडपलेल्या इच्छा आणि स्वप्नं आठवतात. इथे त्याबद्दल बोलायचं नाही. आपला साधा शब्द ‘नकळत’ पुरेसा आहे. घडताना कळत नाही, पण वागण्यात मात्र दिसून येतं, ते नकळत.

ते किती खरं आहे हे जगाला एका माणसामुळे नीट समजलं. हेन्री मोलेसन त्याचं नाव. अमेरिकेतल्या हार्टफर्डजवळचा हा तरुण अपस्माराच्या झटक्यांनी इतका बेजार झाला होता की त्याला धड काम करता येईना. १९५३ मध्ये, तो २७ वर्षांचा असताना, विल्यम स्कोव्हिल या शल्यचिकित्सकाने त्याच्या मेंदूच्या दोन्ही बाजूंचा आतला थोडा भाग काढून टाकला. त्यात हिप्पोकॅम्पस नावाच्या भागाचा बराच हिस्सा गेला. झटके कमी झाले, पण त्यानंतर नवीन काही लक्षात राहण्याची ताकदच नाहीशी झाली. नुकतंच जेवण झालंय हे तो विसरे. वर्षानुवर्षं भेटणारे संशोधक त्याला दरवेळी नवीन वाटत.

माँट्रियलहून येणाऱ्या मानसशास्त्रज्ञ ब्रेंडा मिल्नर यांनी त्याला एक काम दिलं. कागदावर एका चांदणीची दुहेरी रेघ काढलेली. दोन रेघांच्या मधून पेन्सिल फिरवायची, पण हाताकडे बघायचं नाही. हात आणि कागद फक्त आरशात दिसणार. करून पाहा, डावीकडे न्यायला जावं तर हात भलतीकडेच जातो. हेन्रीचाही गेला. मात्र तीन दिवसांत त्याच्या चुका झपाट्याने कमी झाल्या, आणि तिसऱ्या दिवशी त्याने चांदणी सफाईने गिरवली. गंमत अशी की दररोज त्याला विचारलं तर तो म्हणे, हे मी यापूर्वी कधी केलेलं नाही. अवघड जाईल असं वाटलं होतं, पण बरं जमलं, याचं त्याला स्वतःलाच नवल वाटलं होतं.

म्हणजे ‘काय घडलं’ ही आठवण मेंदू एका मार्गाने ठेवतो आणि ‘कसं करायचं’ हे कसब दुसऱ्या मार्गाने. हेन्रीचा पहिला मार्ग बंद झाला, तरी दुसरा चालू राहिला. या दुसऱ्या मार्गासाठी लहान मेंदू आणि मेंदूच्या खोल भागातली बेसल गँग्लिया नावाची केंद्रं जास्त राबतात.

त्याच्याही खूप आधी, १९११ मध्ये, जिनिव्हाच्या एदुआर क्लापारेद या डॉक्टरने स्मृती गेलेल्या एका बाईशी हस्तांदोलन करताना तळहातात टाचणी लपवली होती. पुढच्या खेपेला तिने त्याला ओळखलं नाही, पण हात मात्र मागे घेतला. का, ते तिला नीट सांगता येईना. आज असा प्रयोग कोणी करू धजणार नाही, आणि ते योग्यच आहे. पण भीतीही अशीच आठवणीशिवाय अंगात राहू शकते हे त्या बाईने दाखवून दिलं. गणिताच्या नुसत्या वहीने घाम फुटणाऱ्या मुलाला ‘घाबरायचं काय त्यात?’ असं विचारण्याआधी तिची आठवण ठेवावी.

आता करायचं काय? तुम्ही जे शिकताय त्यातलं सांगता यायला हवं ते किती आणि हातांना-डोळ्यांना यायला हवं ते किती, याचे दोन रकाने वहीत करा. मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळत नाहीत, हे पहिल्या रकान्यात जाईल. बोरूने न थांबता ओळ लिहिणं आणि सलग मजकुरातून शब्द तोडून वाचणं हे दुसऱ्या. एका रकान्यातली मेहनत दुसऱ्याच्या खात्यात जमा होत नाही. मोडीबद्दल तीन व्याख्यानं ऐकली तरी एक ओळ वाचता येत नाही, ती यामुळेच.

पायरी दुसरी: नियमांच्या मागे लागण्याआधी भरपूर नमुने नजरेखालून जाऊ द्या

मोडी पहिल्यांदा पाहणाऱ्याला ती एकच लांबलचक रेघोटी वाटते. पानभर शिरोरेषा आधीच आखून घेतलेली असते आणि तिला अक्षरं लटकवत जायचं. शब्दांमध्ये जागा नाही, विरामचिन्हं नाहीत. त्यामुळे नवशिका पहिला प्रश्न विचारतो तो असा: ‘शब्द कुठे संपतो हे ओळखायचा नियम काय?’

नियम सांगून फारसा उपयोग होत नाही. नजर ते हळूहळू स्वतःच उचलते. आईच्या कडेवरचं मूल हेच करतं. बोलण्यातही शब्दाशब्दांत जागा नसते, तरी मूल शब्द वेगळे काढतं. १९९६ मध्ये जेनी सॅफ्रन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आठ महिन्यांच्या बाळांना निरर्थक अक्षरसमूहांची सलग माळ ऐकवली, अवघी दोन मिनिटं. मध्ये कुठे विराम नाही, आघात नाही. फक्त काही अक्षरं नेहमी एकमेकांच्या मागोमाग येत होती आणि काही क्वचित. एवढ्यावरून बाळांनी ‘शब्द’ आणि ‘शब्द नसलेले तुकडे’ वेगळे ओळखले, हे त्यांच्या ऐकण्याच्या वेळेवरून दिसलं.

मोठ्यांतही हे चालतं. आर्थर रीबर यांनी १९६७ मध्ये लोकांना काही अक्षरमालिका नुसत्या पाठ करायला दिल्या. त्या एका गुप्त नियमावलीने बनवल्या होत्या, पण ते सांगितलं नव्हतं. नंतर नव्या मालिका दाखवून ‘यातल्या नियमाप्रमाणे असलेल्या कुठल्या?’ असं विचारलं, तेव्हा लोकांनी निव्वळ अंदाजाने जमेल त्यापेक्षा बऱ्याच जास्त बरोबर ओळखल्या. नियम काय, ते मात्र कोणालाच धड सांगता आलं नाही.

म्हणून पहिले पंधरा दिवस रोज एक पान मोडी नुसतं बघा, शेजारी त्याचं बाळबोध (देवनागरी) लिप्यंतर ठेवून. बोट मोडीच्या ओळीवर फिरत राहू द्या आणि तोंडाने लिप्यंतर वाचा. समजतंय का, याची चिंता करू नका. बाराखडीचा कित्ता गिरवणं याच्या बरोबरीने चालूच ठेवायचं, ते थांबवायचं नाही.

इथे एक गोष्ट जरा मनाविरुद्ध करावी लागते. एकाच लेखकाच्या हातची दहा पानं ओळीने वाचली की गाडी सुसाट जाते आणि बरं वाटतं. मग दुसऱ्याच्या वळणाचं पान आलं की सगळं अडतं. त्यापेक्षा पहिल्यापासून पानं मिसळा. एक चिटणिशी, म्हणजे दरबारी लेखकाच्या वळणाचं, एक गावच्या कुलकर्ण्याच्या हातचं, एक विसाव्या शतकातलं दस्तावरचं. नेट कॉर्नेल आणि रॉबर्ट ब्योर्क यांनी २००८ मध्ये बारा चित्रकारांची चित्रं लोकांना दाखवली. काही चित्रकारांची चित्रं सलग, काहींची सरमिसळ करून. नंतर न पाहिलेलं चित्र कोणाचं हे ओळखायला सांगितलं, तर ज्यांची चित्रं सरमिसळ पाहिली होती त्या चित्रकारांची शैली जास्त चांगली ओळखता आली. आणि तरीही बहुतेकांचं ठाम मत होतं की सलग पाहण्यानेच आपल्याला जास्त समजलं. स्वतःच्या शिकण्याबद्दल आपली जाणीव किती चुकते, याचं याहून चांगलं उदाहरण मला माहीत नाही.

पायरी तिसरी: पुन्हा वाचू नका, आठवा

लहानपणी आमच्याकडे दिवेलागणीला परवचा असायचा. शुभंकरोती झालं की आजोबा झोपाळ्यावर बसत आणि आम्ही पोरं खाली. तिथी, वार, महिने, नक्षत्रं आणि पाढे. तीसपर्यंतचे पाढे झाले की आजोबांच्या पिढीची खास मिरास, पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, म्हणजे अपूर्णांकांचे पाढे. पुस्तक समोर नाही. आजोबा मध्येच थांबवून विचारत, ‘सतरा नव्वे?’ कधी त्रेपन्नासे (१५३) आधी आलं, कधी रडू. आज पन्नाशी जवळ आली तरी बाजारात भाजीवाल्या मावशींच्या आधी माझा हिशेब तयार असतो. मी तो करत नाही, तो होऊन येतो.

आपण या सगळ्याला ‘घोकंपट्टी’ म्हणून हिणवून बसलो. अर्थ न समजता पाठ करण्यात तोटा आहे, ते मान्य. पण परवच्यात एक फार मोलाची गोष्ट होती. तिथे पुस्तक मिटलेलं असे आणि उत्तर आतून ओढून काढावं लागे. हेन्री रोडिगर आणि जेफ्री कार्पिक यांनी २००६ मध्ये विद्यार्थ्यांना उतारे दिले. एका गटाने उतारा चार बैठकांत पुन्हा पुन्हा वाचला. दुसऱ्या गटाने एका बैठकीत वाचला आणि नंतरच्या तीन बैठकांत कोऱ्या कागदावर आठवून लिहिला. पाच मिनिटांनी परीक्षा घेतली तर वाचणारे पुढे होते. आठवड्याने घेतली तर पारडं फिरलं. आठवून लिहिणाऱ्यांना सुमारे ६१ टक्के मजकूर आठवला, नुसतं वाचणाऱ्यांना सुमारे ४०. वाचणाऱ्यांना मात्र आपल्या लक्षात जास्त राहील असा भरवसा होता.

हा भरवसा कुठून येतो? तेच पान पाचव्यांदा वाचताना डोळे सरसर पुढे जातात. तो सरसरपणा ओळखीचा असतो. मन त्याचा अर्थ ‘मला येतं’ असा लावतं. परीक्षेच्या आदल्या रात्री ‘सगळं झालंय’ म्हणणारी आणि पेपरात कोरी राहणारी मुलं खोटं बोलत नसतात. त्यांच्याच मनाने त्यांना चकवलेलं असतं.

मोडीसाठी मी असं करते, नि इतरांनाही सांगते. पान वाचून झालं की उलटं ठेवायचं. त्यातले जे जे शब्द आठवतील ते मोडीतच लिहायचे. अडलं तर लगेच पान उलटून बघायचं नाही, निदान वीस आकडे मोजायचे. ओठांवर आलेला शब्द बाहेर येत नाही तेव्हा जी तगमग होते, ती सोसायची. नंतर पान उघडून चूक ताबडतोब दुरुस्त करायची, नाहीतर चुकीचंच घट्ट बसतं.

पायरी चौथी: मुरू द्या

कैरीचं लोणचं घातल्या दिवशी चाखलं तर मीठ वेगळं, तिखट वेगळं, फोड वेगळी लागते. शिकलेलंही तसंच असतं, त्याला मुरायला वेळ लागतो, आणि तो वेळ आपण ‘काही करत नसताना’ जातो.

हर्मन एबिंगहाउस या जर्मन माणसाने १८८५ मध्ये स्मृतीवरचं पुस्तक छापलं. त्यातल्या साऱ्या प्रयोगांचा विद्यार्थी तो एकटाच. निरर्थक अक्षरांच्या याद्या पाठ करायच्या, ठरावीक काळाने त्याच याद्या पुन्हा पाठ करायच्या आणि दुसऱ्या खेपेला किती वेळ वाचला ते मोजायचं. विसरण्याचा उतार सगळे सांगतात: २० मिनिटांनी ५८ टक्के मेहनत वाचली, एका दिवसाने साधारण ३४ टक्के. मला त्यातला शेवटचा आकडा महत्त्वाचा वाटतो. ३१ दिवसांनीही सुमारे २१ टक्के मेहनत वाचत होती. यादी समोर आली तरी ओळखीची वाटू नये इतका काळ गेलेला, आणि तरी शिकणं लवकर होतं. ‘पार विसरले हो’ असं म्हणणाऱ्याच्या आतसुद्धा एवढं शिल्लक असतं.

म्हणून रविवारी तीन तास बसण्यापेक्षा रोज पंचवीस मिनिटं बसा. आज शिकलेलं उद्या, मग तीन दिवसांनी, मग आठवड्याने, मग महिन्याने उघडा. थोडं विसरायला झालं असताना आठवायला बसलं की आठवण जास्त पक्की होते. एकाच रात्री सगळं कोंबणाऱ्याला उद्याचा पेपर कदाचित जमेल, पुढचा महिना नाही.

आणि झोप. कॉर्नेल विद्यापीठात जेंकिन्स आणि डॅलेनबाख यांनी १९२४ मध्ये दोन विद्यार्थ्यांवर महिनाभराहून अधिक काळ प्रयोग केले. पाठ केल्यानंतर तितकेच तास झोपलं तर बरंच लक्षात राही, जागं राहिलं तर बरंच पुसलं जाई. पुढे झोपेत मेंदू दिवसभराचं नव्याने उजळतो, हे इतर अनेक अभ्यासांतून दिसत गेलं. दहावी-बारावीच्या मुलांच्या आई-बाबांना माझी हात जोडून विनंती आहे, रात्री दोनपर्यंत दिवा जाळणाऱ्या मुलाचं कौतुक करू नका. त्याने दिवसभर कमावलेलं रात्री गळून जातंय.

पायरी पाचवी: इच्छाशक्तीवर विसंबू नका, खूण ठेवा

सवय २१ दिवसांत लागते असं जिथे तिथे ऐकू येतं. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमध्ये फिलिपा लॅली यांनी ९६ जणांना एकेक नवी सवय निवडून बारा आठवडे पाळायला सांगितली. जेवताना फळ खायचं, रात्रीच्या जेवणाआधी पळायचं, अशा साध्या सवयी. ती आपसूक होऊ लागायला सरासरी ६६ दिवस लागले. कोणाला १८, तर कोणाच्या बाबतीत अंदाज २५४ दिवसांपर्यंत गेला. त्यातली दिलासा देणारी गोष्ट अशी की एखादा दिवस चुकला तर फारसं बिघडलं नाही. बाविसाव्या दिवशी कंटाळा आला म्हणून स्वतःला आळशी ठरवू नका.

सवय खुणेला बांधलेली असते. वेंडी वुड आणि सहकाऱ्यांनी सिनेमागृहात लोकांना आठवडाभरापूर्वीचं शिळं पॉपकॉर्न दिलं. ज्यांना सिनेमा बघताना पॉपकॉर्न खायची पक्की सवय होती, त्यांनी ते ताज्याइतकंच खाल्लं. त्यांना ते आवडलं नव्हतं. अशी सवय असलेले लोक सभागृहाबाहेरच्या खोलीत असले तर एवढं खात नाहीत, आणि नेहमीचा हात सोडून दुसऱ्या हाताने खायला लावलं तर सिनेमातही हात आखडतो, असंही दिसलं. अंधार, पडदा आणि खुर्ची यांनीच हात चालवला होता.

हीच ताकद आपल्या बाजूला वळवायची. ‘मी रोज सराव करीन’ असा संकल्प हवेत विरतो. पीटर गॉल्विट्झर यांनी दाखवलेली ‘अमुक झालं की तमुक करायचं’ ही रीत जास्त टिकते. माझं वाक्य असं होतं: ‘सकाळचा चहा गॅसवर ठेवला की कट्ट्याशेजारच्या पाटीवर मोडीच्या पाच ओळी.’ पाटी आणि पेन्सिल कट्ट्यावरच, डब्याच्या मागे नाही. चहा उकळायला लागतो तेवढाच वेळ. तीनेक महिन्यांनी असं झालं की चहाचा वास आला की हात पेन्सिलीकडे जायचा. उलट बाजूनेही हेच. मोबाइल हाताशी असला की बोट आपोआप त्यावर जातं, त्यात तुमच्या चारित्र्याचा प्रश्न नाही. मोबाइल दुसऱ्या खोलीत ठेवा.

पायरी सहावी: मन रिकाम्या जागा भरतं, तिथे बोट ठेवा

आतापर्यंत नकळत चालणाऱ्या मनाचे उपकार सांगितले. आता त्याची खोड.

दुसऱ्या वर्षी माझ्या हाती एक घरगुती पत्र आलं, दोन भावांमधलं, जमिनीच्या वाटणीचं. तोवर शेकडो पत्रं नजरेखालून गेली होती आणि मायने, म्हणजे पत्राच्या सुरुवातीची ठरलेली वाक्यं, तोंडपाठ झाले होते. पहिल्या ओळीतली दोन-चार अक्षरं ओळखली की पुढचं मी बघायचेच नाही, ‘साष्टांग नमस्कार विनंती उपरी येथील कुशल जाणून’ अशी ओळ मनातून सरळ बाहेर पडायची. त्या पत्राचं मी दिवसभर खपून लिप्यंतर केलं. मग लिहिणारा धाकटा, ज्याला लिहिलं तो थोरला, असं नातं लावलं आणि धाकट्याने थोरल्याकडे वाटा मागितल्याचं टिपण तयार केलं.

आमचे शिकवणारे काका म्हणजे फार कमी बोलणारा माणूस. त्यांनी पत्र हातात घेतलं, पहिल्या ओळीवर पेन्सिलीचं टोक ठेवलं आणि म्हणाले, ‘ताई, पत्र वाचू नका. अक्षरं वाचा.’ पुन्हा पाहिलं. अक्षर न् अक्षर बोटाखाली धरून वाचलं. तिथे ‘नमस्कार’ नव्हताच. ‘अनेक आशीर्वाद’ होतं. पत्र थोरल्याने धाकट्याला लिहिलेलं होतं. थोरला भाऊ धाकट्याला त्याचा वाटा घेऊन जायला बोलवत होता, आणि मी त्याला उलटं करून भांडण रचलं होतं.

शब्द समोर असताना मी तो पाहिला नाही, कारण मनाने आधीच दुसरा तिथे बसवला होता. हीच क्षमता नसती तर मला वेगाने वाचताही आलं नसतं. म्हणून ती मोडायची नाही, फक्त तिच्यावर पहारा ठेवायचा. नाव, नातं, तारीख, रक्कम आणि नकार, या पाच जागी मी आता थांबतेच, कितीही खात्री असली तरी. तुमच्या विषयातल्या अशा जागा तुम्ही शोधून काढा. औषधाच्या दुकानात काम करणाऱ्याला त्या वेगळ्या असतील, हिशेबनीसाला वेगळ्या.

रोजच्या वागण्यातही हे होतं, आणि तिथे पेन्सिल ठेवायला काका नसतात. रिचर्ड निस्बेट आणि टिमथी विल्सन यांनी १९७७ मध्ये मांडलेला एक प्रयोग पाहा. मिशिगनमधल्या एका दुकानात चार स्त्री-मोज्यांचे जोड ओळीने ठेवले आणि गिऱ्हाइकांना विचारलं, सगळ्यात चांगला कुठला? अगदी डावीकडचा १२ टक्के लोकांनी निवडला, अगदी उजवीकडचा ४० टक्के. कारण विचारल्यावर वीण चांगली, पोत चांगला, अशी उत्तरं आली. चारही जोड तंतोतंत एकसारखे होते. जागेमुळे निवडला, असं एकाने म्हटलं नाही. आपण आपल्या वागण्याची जी कारणं देतो त्यातली काही आपण नंतर तयार केलेली असतात, आणि आपल्याला ती खरीच वाटतात.

याचंच घरगुती रूप म्हणजे कुटुंबाच्या ग्रुपवर तीन वेळा आलेला तोच मजकूर. पुन्हा पुन्हा ऐकलेलं विधान जास्त खरं वाटतं, हे १९७७ पासून वारंवार तपासलं गेलं आहे. ओळखीचं वाटणं आणि खरं असणं यांची मन गल्लत करतं. आत्याने पाठवलं, मामाने पाठवलं, शेजारच्या काकूंनी पाठवलं, म्हणजे तिघांनी तपासलं असं होत नाही.

पायरी सातवी: सुप्त मनाच्या नावाने विकलं जाणारं घेऊ नका

झोपेत ऐका आणि भाषा शिका, ऐकू न येणारे संदेश ऐका आणि स्मरणशक्ती वाढवा. अशा फायली आणि शिबिरं पैसे मोजून घेणारी माणसं मला दर महिन्याला भेटतात, आणि त्यांच्या कष्टाचे पैसे जाताना पाहून वाईट वाटतं.

या समजाला मोठा हातभार लावला तो जेम्स व्हिकरी या अमेरिकी जाहिरातवाल्याने. १९५७ मध्ये त्याने सांगितलं की सिनेमाच्या पडद्यावर डोळ्याला कळणार नाही इतक्या वेगाने संदेश झळकवून आपण पॉपकॉर्न आणि कोका-कोलाची विक्री वाढवली. जगभर खळबळ माजली. १९६२ मध्ये त्याने स्वतःच कबूल केलं की हाताशी पुरेशी माहिती नव्हती. पुढे अँथनी ग्रीनवाल्ड यांनी १९९१ मध्ये बाजारात मिळणाऱ्या अशा सुप्त संदेशांच्या कॅसेटी तपासल्या. काहींवरची लेबलं मुद्दाम बदलली, स्मरणशक्तीच्या कॅसेटीवर आत्मविश्वासाचं आणि उलट. महिनाभर रोज ऐकूनही मोजता येईल असा फरक कशातच पडला नाही. मात्र लेबलावर जे लिहिलं होतं ते आपल्यात सुधारलंय, असं बऱ्याच जणांना वाटत होतं.

नकळत शिकण्यासाठीही जागेपणी लक्ष द्यावं लागतं. बाळं माळ ऐकत होती. हेन्री आरशाकडे डोळे लावून पेन्सिल फिरवत होता. लक्ष दिल्यावर आत काय साठतं ते आपल्याला दिसत नाही, एवढंच.

वहीचं शेवटचं पान

प्रगती आतून जाणवत नाही, म्हणून तिची मोजणी बाहेर ठेवावी लागते. पहिल्या आठवड्यात वाचलेलं एक पान बाजूला ठेवा. ते वाचायला किती मिनिटं लागली, किती शब्द अडले, ते तारखेसह लिहा. मग त्या पानाला महिनाभर हात लावू नका.

गेल्या पावसाळ्यात वर्गात एक निवृत्त एसटी चालक होते, घाटातल्या गाडीवर तीस वर्षं काढलेले. पाचव्या रविवारी वही पिशवीत घालून ते म्हणाले, ‘मॅडम, आता पुढच्या वेळी येत नाही. डोक्यात काही राहत नाही या वयात.’ मी त्यांना बसवलं आणि त्यांचंच पहिल्या आठवड्याचं पान पुढे केलं. वर त्यांच्याच हाताने लिहिलेलं होतं: ३८ मिनिटं, अडलेले शब्द २७. त्यांनी चष्मा लावला, बोट ओळीवर ठेवलं आणि वाचायला लागले. मी घड्याळ बघत होते. दोनदा थांबले, एकदा मागे गेले. अकराव्या मिनिटाला पान संपलं. त्यांनी मान वर केली, पुन्हा पानाकडे पाहिलं आणि विचारलं, ‘हे तेच पान आहे ना?’

मी पेन पुढे केलं. जुन्या नोंदीखाली त्यांनी तारीख घातली आणि लिहिलं: ११ मिनिटं, अडलेले शब्द ५.